पलंगापुरती जागा

दुकानात तिला सगळे कात्री म्हणायचे, आणि हे तिला माहीत होतं. शाळांचे, दवाखान्यांचे, कारखान्यांचे गणवेश शिवणारं ते दुकान. लांबट हॉल, मधोमध कापायचं टेबल आणि टेबलाशी ही. उंच, किडकिडीत, गळ्यात टेप, कानामागे खडू. ताग्यातून ती असं बेतून कापायची की खाली पडलेल्या चिंध्यांतून बाहुलीचा रुमालसुद्धा निघाला नसता. मालक नव्या माणसांना मुद्दाम तिच्या टेबलापाशी आणायचा. ती मान वर न करता सांगायची, "बोटभरसुद्धा जास्त घ्यायचं नाही. घेतलंत तर मला दिसतं."

जीभही तिच्या धंद्याला शोभेल अशीच होती. शेजारच्या स्टुलावर काजं-बटणं करणारी एक गोल चेहऱ्याची बाई बसायची. सारं आयुष्य दोघींनी एकमेकींशेजारी काढलं, आणि त्या सगळ्या काळात कात्रीने काजेवालीला एकदाही बरं म्हटलं नाही. "तुझी काजं बघून बटणं रडतात," हे तिचं नेहमीचं. काजेवाली हसायची आणि डबा पुढे करायची.

घरी ती नुसती आत्या होती. भावाची बायको गेली, भाऊ दूरच्या नोकरीवर निघून गेला, तिकडे त्याने दुसरा संसार मांडला, आणि मुलगा हिच्या दोन भाड्याच्या खोल्यांत येऊन पडला. तिने त्याला वाढवलं. वेळेवर जेवू घातलं, वेळेवर शाळेत घातलं, तापात उशाशी बसून राहिली. फक्त याचा त्याला कधी विसर पडू दिला नाही. एका कारकुनाचं तिला स्थळ आलं होतं. पोराला वसतिगृहात ठेवा, असं तो म्हणाला म्हणून तिने नकार दिला. ही गोष्ट त्या मुलाला अक्षरओळख होण्याआधी पाठ झाली होती, कारण दूध सांडलं, गणित चुकलं, बूट फाटला, की ती सांगितली जायची. तिने त्याचं नाव ठोंब्या ठेवलं होतं. पाहुण्यांसमोरसुद्धा ठोंब्याच.

एका सुट्टीच्या दिवशी तिने त्याच्या आईच्या कपड्यांची पेटी उघडली आणि टेबलावर एकेक कपडा पसरून कापायला घेतला. उशांचे अभ्रे, भांडी पुसायची फडकी, त्याच्याच दप्तराचं अस्तर. एक निळा कोट तेवढा राहू दे, म्हणून त्याने तिचा हात धरला. तिने हात सोडवून घेतला. "त्यात माणूस नाहीये," ती म्हणाली, "कापड आहे. चांगलं कापड आहे." आणि कोटाच्या पाठीतून कात्री सरळ खाली नेली. तो रडला नाही. ती कापत गेली आणि तो बघत राहिला.

तो शिकला, मोठ्या ऑफिसात लागला, लग्न केलं, घर घेतलं. तोवर आत्याची नजर कमी झाली होती. साखरेने पायांतली जाणीव गेली होती. चप्पल पायातून निसटली तरी तिला चार पावलं पुढे गेल्यावर कळायचं. भाच्याने तिला आपल्या घरी आणलं. त्याच वर्षी त्याला मुलगी झाली होती आणि भाचेसुनेला कामावर परत जायचं होतं. आत्याने भाड्याच्या खोल्या सोडल्या आणि सोबत एक लोखंडी ट्रंक, शिवणाचं मशीन आणि आपला पेटीचा पलंग घेऊन आली. पलंग खालपासून वरपर्यंत खणांचा, पाय नसलेला, सरळ जमिनीला टेकलेला. मागच्या अंगाला असलेली खोली तिची झाली. मुलगी तिच्या अंगाखांद्यावर वाढली. मग मुलगी शाळेत जायला लागली.

इथे हिवाळा लांब आणि घर तळमजल्यावरचं. फरशीतून गारवा असा वर यायचा की भाचेसून घरात मोजे चढवून त्यावर आणखी मोजे घालायची. तिच्या ऑफिसातल्या कुणीतरी जमिनीखाली विजेची वायर टाकून घेतली होती. वर गालिचा, खाली ऊब. मुलं अनवाणी लोळतात म्हणे. तीन खोल्यांना तसं करून घ्यायचं ठरलं. भाचेसुनेने गालिचाही पसंत केला, घोट्यापर्यंत पाय बुडेल असा गुबगुबीत. वायरमन येऊन बघून गेला तेव्हा त्याने मान हलवली. एवढ्या जाड गालिच्यातून ऊब वर येणार नाही, खालीच अडकेल. गालिचा पातळ घ्या, त्याखालचं अस्तरही पातळ घ्या, नाहीतर वीज जळत राहील आणि पाय गारच राहतील. भाचेसुनेचं तोंड उतरलं. आतल्या खोलीतून आत्याने ऐकवलं, "पायांना ऊब हवी की डोळ्यांना, ते ठरव आधी." भाचेसून आत्याला सहसा उत्तर देत नसे. मनात जमा करून ठेवायची.

त्याच आठवड्यात आत्याचे कपडे धुऊन आले आणि गळ्याशी तिला काहीतरी टोचलं. तिने झगा उलटा केला. आत पांढऱ्या फितीचा तुकडा शिवलेला होता आणि त्यावर पक्क्या शाईने एक आकडा. दुसऱ्या झग्यालाही होता. स्वेटरला होता. मोज्यांनासुद्धा. टाका वाकडातिकडा, भाचेसुनेच्या हातचा. आत्याला कुणी काही समजावून सांगायची गरज नव्हती. असल्या फिती तिने हजारांनी कापल्या होत्या. जिथे सगळ्यांचे कपडे एकत्र धुतले जातात तिथल्या कपड्यांना त्या लागतात. दवाखान्यांना, अनाथाश्रमांना, वृद्धाश्रमांना.

ती त्या रात्री जेवली, पान पुसून उठली, आणि काही विचारलं नाही.

दोन दिवसांनी वायरमन मापं घ्यायला आला. भाचा सुट्टी घेऊन घरी होता. खोलीखोलीतून तो वायरमनला फिरवत होता. वायरमनचं एकच विचारणं होतं, जमिनीला टेकून बसणारं सामान कुठे राहणार. पायांचं टेबल, पायांची खुर्ची चालते, खालून हवा खेळते. पण सपाट बुडाचं काही वायरीवर ठेवलं तर उष्णता कोंडते, गालिचा काळा पडतो, आणि वायर जळली तर अख्खी खोली बंद. मग जमीन फोडायची. म्हणून आधीच ठरवा, त्या जागी वायर टाकतच नाही. बैठकीच्या खोलीत भाच्याने कपाटाची जागा दाखवली. निजायच्या खोलीत मोठ्या पेटाऱ्याची. मग दोघं मागच्या खोलीत आले.

आत्या पलंगावर बसली होती. हातात मुलीच्या फ्रॉकची उसवलेली बाही होती.

"इथे?" वायरमनने विचारलं.

"इथे काही नाही," भाचा म्हणाला. "पूर्ण टाका."

वायरमनने पलंगाकडे पाहिलं, मग पलंगावर बसलेल्या बाईकडे, मग पुन्हा भाच्याकडे. भाच्याने त्याची शंका ओळखली. "हे सगळं जाणार आहे," तो म्हणाला. "खोली मुलीला खेळायला करायची आहे." आवाज सहज होता. आत्याकडे तो पाहत नव्हता, पण तिला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने बोलत होता.

आत्याने बाहीचा टाका पुरा केला आणि दोरा दाताने तोडला.

काम सुरू झालं तेव्हा नवरा-बायको कामावर आणि मुलगी शाळेत होती. दार उघडायला आत्याच. वायरमन आणि गालिचेवाला यांनी मिळून पलंग, ट्रंक, मशीन बोळात काढलं. वायरमनने आधी जाड पत्र्यासारखे तक्ते अंथरले, उष्णता खाली मातीत जाऊ नये म्हणून. मग जाळीवर नागमोडी बसवलेली वायर भिंतीच्या एका कडेने उलगडत आणली. आत्या काठी टेकून दारात उभी राहिली आणि तिने त्याला विचारलं, की मधे जागा मोकळी ठेवली तर पुढे वायर टाकता येते का.

"नाही हो आजी. वर सिमेंटचा थर ओततो ना. एकदा ओतलं की संपलं. मोकळं ठेवलेलं कायमचं गार राहणार."

"आणि टाकलेलं काढता येतं?"

"तेही नाही."

मग आत्या खोलीत आली. साहेबांचा विचार बदलला, तिने सांगितलं. पलंग इथेच राहणार आहे, त्याच्याखाली टाकू नका. वायरमनने खिशातून फोन काढला. विचारून घेतो, म्हणाला. "विचारा की," आत्या म्हणाली, "ते मिटिंगमधे आहेत. चार लोकांत फोन वाजला की तुमच्याशी काय भाषेत बोलतील ते तुम्हीच ऐका. मला काय?" वायरमनने फोन परत खिशात घातला. म्हातारी घरातली, पलंग तिचा, आणि बुडाला सपाट असलेला पलंग वायरीवर ठेवू नये हे त्यानेच सांगितलेलं. शिवाय जाळीही वाचत होती.

खडू आत्याकडे होताच. गुडघे टेकायला तिला गालिचेवाल्याचा हात धरावा लागला, पण आखलं तिनेच. बोळात जाऊन टेपने पलंग मोजून आली आणि खिडकीच्या भिंतीला लागून चौकोन काढला. रेघ एकदाही थरथरली नाही.

"आजी, थोडी जास्त जागा घ्या," वायरमन म्हणाला. "लोक घेतात. ट्रंक आहे तुमची, उद्या अजून काही लागेल. हातभर इकडे, हातभर तिकडे."

"कशाला?" आत्या म्हणाली. "पलंग एवढाच आहे."

"हातभर घेतलंत तर काही बिघडत नाही."

"बोटभरही नको." आणि तिने त्याच्याकडे असं पाहिलं की तो जाळीला काप द्यायला खाली बसला. आयुष्यभर जे केलं तेच ती करत होती. आणि तिला असंही वाटत होतं की नेमकं तेवढंच घेतलं तर कुणाला बोलायला जागा राहणार नाही.

संध्याकाळी नवरा-बायको घरी आले तोवर तिन्ही खोल्यांत करड्या सिमेंटचा ओला थर आरशासारखा पसरला होता. जेवताना आत्यानेच विषय काढला. "माझ्या पलंगाखाली वायर नाही टाकली त्याने. म्हणाला, जळेल."

भाचेसुनेचा घास हातात राहिला. तिने नवऱ्याकडे पाहिलं. भाचा आत्याकडे बघत होता. मग तो हसला. आत्याला त्याचं हसणं ओळखीचं वाटलं नाही.

"तू सांगितलंस त्याला?"

"मी सांगितलं."

"बरं केलंस," तो म्हणाला. "मग राहा तिथेच." आणि त्याने भाजी वाढून घेतली.

दुसऱ्या दिवशी त्याने वृद्धाश्रमाला फोन करून जागा नको म्हणून कळवलं. आत्याने तो फोन दाराआडून ऐकला आणि पलंगावर येऊन बसली. आपण जिंकलो, असं तिला वाटलं. त्या एका संध्याकाळी ती जिंकलेलीच होती.

गालिचा आला. पातळ, राखाडी, भिंतीपासून भिंतीपर्यंत ताणून बसवलेला. पलंग आपल्या चौकोनावर चढला. ऊब चालू असल्याचा भिंतीवरचा छोटा दिवा लागला आणि तासाभरात जमीन अशी उबदार झाली जशी इस्त्रीखालून नुकतंच काढलेलं कापड. आत्याने मोजे काढून पाय खाली ठेवले. पायांना काही कळलं नाही. मग ती वाकली आणि तळहात गालिच्यावर टेकवून बराच वेळ तशीच बसली.

"आत्याबाई, पाय वर घ्या बघू," भाचेसून दारातून म्हणाली. डॉक्टरांना तिने विचारून घेतलं होतं. पायांत जाणीव नसलेल्या माणसाने तापलेल्या जमिनीवर पाय ठेवून बसू नये, भाजलं तरी कळणार नाही. डॉक्टर खोटं बोलले नव्हते. भाचेसूनही बोलली नव्हती. तिने फक्त ते दिवसातून सहा वेळा सांगितलं, आणि आत्या पाय वर घेऊन बसायला लागली.

मग ट्रंक. ती सपाट बुडाची, गालिच्यावर ठेवता येत नाही. माळ्यावर टाकू का, असं भाचेसुनेने विचारलं. आत्या नाही म्हणाली, तेव्हा ती पायथ्याशी पलंगावरच ठेवण्यात आली. आत्या गुडघे पोटाशी घेऊन झोपायला शिकली. मशीनला पाय होते, पण लोखंडी पायांचे गालिच्यात खड्डे पडतात, म्हणून ते कुणालातरी देऊन टाकलं. काठीच्या रबराचे काळे डाग पडतात, म्हणून काठी दाराबाहेर. काठी दाराबाहेर म्हणजे दारापर्यंत जायला माणूस हवं. माणूस संध्याकाळी यायचं.

यातलं काहीही आवाज चढवून झालं नाही. भाचा एकदाही काही वावगं बोलला नाही. उलट नातेवाईक आले की तो त्यांना खोली दाखवायचा. बघा, आत्यासाठी मुद्दाम जागा सोडली आहे, वायरीचा त्रास नको म्हणून. नातेवाईक माना डोलवायचे. हल्ली कोण एवढं करतं, म्हणायचे.

मुलीची खेळणी भिंतीवरच्या कप्प्यांत गेली. ती गालिच्यावर अनवाणी लोळायची, चित्रं काढायची. एकदा आत्याच्या हातून सुईचा डबा खाली पडला आणि तो उचलायला ती उतरू लागली, तर मुलीने आपल्या पायाच्या अंगठ्याने पलंगाच्या कडेशी रेघ ओढून दाखवली. "आजी, तू इथपर्यंतच. ही माझी." तिला कुणी शिकवलं नव्हतं. घरात राहून कळलं होतं.

त्या हिवाळ्यात आत्याला छातीत कफ झाला. सगळ्या घरात तिचा पलंग हीच एक गार जागा. खणांच्या फळ्यांतून गारवा गादीपर्यंत यायचा. डॉक्टर म्हणाले, सोबतीला बाई ठेवा. भाच्याने हात पसरून खोली दाखवली. बाई झोपणार कुठे? गादी तर जमिनीवर टाकता येत नाही. डॉक्टरांनी खाली पाहिलं, मऊ गालिचा, उबदार जमीन, आणि औषध लिहून ते गेले.

आत्या वाचली. ती थोडी उभी राहू लागली त्या सुमारास काजेवाली तिला भेटायला आली.

काजेवाली जाडी झाली होती. अंगात नवं स्वेटर, गळ्याशी फितीचं टोक बाहेर आलेलं, त्यावर आकडा. ती हातातली पिशवी खाली ठेवायला गेली आणि भाचेसुनेने ती मधल्या मधे घेतली. खुर्ची नव्हती. काजेवाली उभी राहिली, मग ट्रंकेवर टेकली. वृद्धाश्रमात कसं आहे ते तिने न विचारता सांगितलं. गरम पाण्याचे नळ, खिडकीशी पलंग, पत्त्यांचा डाव, डावात लबाडी करणारा एक निवृत्त पोस्टमन, त्याच्यावरून दोघींची भांडणं. सांगताना ती इतकी हसली की ट्रंकेचं झाकण वाजलं.

"माझ्या शेजारचा पलंग तुझ्यासाठी धरला होता गं. चादरसुद्धा मीच घातली. तुझं येणं रद्द झालं म्हणाले, तेव्हा मी दिवसभर बोलले नाही कुणाशी."

"मग बरा गेला असेल सगळ्यांचा दिवस," आत्या म्हणाली. थोड्या वेळाने तिने विचारलं, "आता कोण आहे तिथे?"

"एक शिक्षिका आली होती. गेली बिचारी. पुन्हा रिकामाच आहे."

त्या संध्याकाळी आत्याने भाच्याला बोलावून घेतलं. तो आला आणि पलंगापासून थोडा लांब, गालिच्यावर अनवाणी उभा राहिला. हातात फोन होता. ऊब कमीजास्त करायचं सगळं आता फोनवरून चालायचं. आत्याने कधी त्याच्याकडे काही मागितलेलं नव्हतं, त्यामुळे मागायचं कसं हे तिला येत नव्हतं. तिने त्याला त्याच्या नावाने हाक मारली. ठोंब्या नाही. खरं नाव, आईने ठेवलेलं. त्याने फोनवरून मान वर केली.

"मला तिकडे सोड," ती म्हणाली. "काजेवालीकडे. पलंग रिकामा आहे."

"काय म्हणालीस?"

तिने पुन्हा सांगितलं. या वेळी आवाज बारीक झाला.

"तिकडे कशाला?" भाचा म्हणाला. "तुझी जागा इथे आहे. तू स्वतः आखून घेतलीस. त्या दिवशी घरी येऊन ते बघितलं ना, तेव्हाच मी ठरवलं, की आता आत्याला हलवायचं नाही."

"मी चुकले तेव्हा."

"नाही गं. तू कुठे चुकतेस?" तो जवळ आला, तिचे जमिनीकडे लोंबलेले पाय उचलले आणि पलंगावर ठेवले. हलक्या हाताने, सांभाळून. पांघरूण ओढलं, कडा गादीखाली खोचल्या. "आणि पाय खाली सोडत जाऊ नकोस. भाजतील, तुला कळायचं नाही."

मग त्याने तिथेच उभं राहून फोनवर काहीतरी दाबलं आणि बाहेर जाताजाता बायकोला सांगितलं, की मुलगी आता जास्त बैठकीच्या खोलीतच खेळते, तर मागच्या खोलीची ऊब बंद केली आहे. भिंतीवरचा दिवा विझला. आत्या विझलेल्या दिव्याकडे बघत होती.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी काजेवालीचा फोन आला. भाचेसुनेने तो आत्याच्या कानाशी धरला, आवाज मोठा करून, म्हणजे तिलाही ऐकू यावा. मी इथल्या बाईंशी बोलले, काजेवाली म्हणत होती, उद्यापर्यंत पलंग धरून ठेवतील, तू हो म्हण, गाडीचं मी बघते.

भाचेसून फोन धरून उभी होती. तिने आत्याकडे पाहिलंही नाही. ती गालिच्यावरचा एक दोरा बघत होती.

"मला नाही जमत," आत्या म्हणाली. "आणि तुझ्या शेजारी कोण झोपणार? घोरतेस तू."

"अगं, खरं सांग ना. यायचंय का तुला?"

खरं सांगायला आत्याला एकच शब्द पुरला असता, पण तो काजेवालीला सांगायचा म्हणजे सगळ्या दुकानाला सांगायचा, मेलेल्यांनासुद्धा.

"इथे मला डोक्यावर घेऊन नाचतात," ती म्हणाली. "माझ्यासाठी जमिनीत वेगळी जागा राखून ठेवलीये. तुला नाही कळायचं. तू आपली काजं कर."

पलीकडे काजेवाली हसली, मग तिचं हसणं थांबलं. भाग्यवान आहेस बाई, ती म्हणाली. मग मी त्यांना सांगते, दुसऱ्या कुणाला देऊन टाका म्हणून.

"दे," आत्या म्हणाली.

भाचेसुनेने फोन बंद केला, वाकून गालिच्यावरचा दोरा उचलला आणि जाताना दार ओढून घेतलं.